आक्रमकाने विणलेला सापळा

हॉकी म्हटले, की आपल्या डोळ्यांसमोर ध्यानचंद आणि हिरवे मैदान उभे राहते. कॅनडात नुसते 'हॉकी' म्हटले, की त्याचा अर्थ बर्फावरची हॉकी असाच घेतला जातो. तेथील फ्रेंचभाषक क्यूबेक प्रांतात तर या खेळाचे स्थान खेळापलीकडचे आहे. माँट्रियल शहराचा 'कनेडियन्स' हा संघ हरला, तर दुसऱ्या दिवशी शहराचा चेहरा उतरलेला असतो, असे म्हणण्याची पद्धत आहे. या संघाकडून बारा वर्षे खेळलेले आणि पुढे तीन संघांचे मुख्य प्रशिक्षक झालेले झाक लेमेर हे त्या खेळातील एक विलक्षण व्यक्तिमत्त्व. विलक्षण अशासाठी, की खेळाडू म्हणून ते एका अतिशय प्रेक्षणीय आक्रमक संघाचा भाग होते. प्रशिक्षक म्हणून मात्र त्यांचे नाव कायमचे जोडले गेले ते 'कंटाळवाणा' म्हणून हिणवल्या गेलेल्या एका डावपेचाशी.

वरकरणी ही विसंगती वाटते. लेमेर यांची कारकीर्द नीट पाहिली, तर तिच्यात एक सरळ धागा सापडतो.

लेमेर यांचा जन्म १९४५चा, माँट्रियललगतच्या लासाल येथील. १९६७मध्ये ते 'नॅशनल हॉकी लीग' अर्थात एनएचएलमध्ये दाखल झाले आणि पहिल्याच मोसमात स्टॅन्ली चषक त्यांच्या हाती आला. १९७९पर्यंतच्या बारा मोसमांत त्यांनी साखळी फेरीचे ८५३ सामने खेळून ३६६ गोल केले. त्यांपैकी एकाही मोसमात त्यांच्या गोलांची संख्या वीसच्या खाली गेली नाही. या काळात कनेडियन्सने आठ वेळा चषक जिंकला आणि आठही वेळा लेमेर संघात होते. १९७१च्या अंतिम लढतीच्या सातव्या सामन्यात शिकागोत संघ ०-२ असा मागे असताना त्यांनी मध्यरेषेच्या जरासे पुढून मारलेला फटका टोनी एस्पोझिटोसारख्या नामवंत गोलरक्षकाला चकवून आत गेला. त्या एका गोलाने सामन्याचे पारडे फिरले आणि माँट्रियलने ३-२ असा विजय मिळवला. १९७७मध्ये बोस्टनविरुद्ध जादा वेळेत चषक जिंकून देणारा गोल त्यांचाच होता. १९७९चा विजयी गोलही त्यांचाच. तो त्यांचा एनएचएलमधील अखेरचा सामना ठरला.

सत्तरच्या दशकातील त्या संघात लेमेर यांच्या उजवीकडे गी लाफ्लर आणि डावीकडे स्टीव्ह शट असत. लाफ्लर यांनी सलग सहा मोसम पन्नास किंवा अधिक गोल केले, तर शट यांनी १९७६-७७मध्ये साठ. त्या मोसमात कनेडियन्स ८० सामन्यांपैकी अवघे आठ हरले. लाफ्लर वाऱ्यावर केस उडवीत धावत सुटत, तेव्हा अर्थातच प्रेक्षकांच्या नजरा त्यांच्यावर खिळत. दोन्ही कडांचे खेळाडू गोलकडे झेपावले, की मागे मोकळ्या राहिलेल्या जागेची राखण मधल्या खेळाडूला करावी लागते. चकती हातची गेली, तर सर्वांत आधी मागे फिरायचे ते त्यानेच. हे काम लेमेर चोख करीत. स्कॉटी बोमन या शिस्तप्रिय प्रशिक्षकाच्या हाताखाली त्यांनी आठ मोसम काढले. आक्रमणाचे सौंदर्य कोणाच्या तरी राखणीवर उभे असते, हे त्यांनी खेळतानाच अनुभवले होते. प्रशिक्षक लेमेर यांचा उगम येथे आहे, असे मला वाटते.

वयाच्या तेहतिसाव्या वर्षी, फॉर्मात असताना, त्यांनी माँट्रियल सोडले आणि स्वित्झर्लंडमधील सिएर या छोट्या गावातील संघाचे खेळाडू-प्रशिक्षक म्हणून काम पत्करले. तेथून परतल्यावर अमेरिकेतील प्लॅट्सबर्ग येथे महाविद्यालयीन संघाचे सहायक प्रशिक्षक आणि मग लाँगोई येथील कुमार संघाचे प्रशिक्षक, अशा पायऱ्या ते चढत गेले. हॉकीतील दिग्गजांना थेट मोठ्या संघाची सूत्रे मिळाल्याची उदाहरणे कमी नाहीत. साक्षात वेन ग्रेट्स्की यांनी २००५मध्ये कोणत्याही अनुभवाविना फिनिक्स संघ हाती घेतला आणि चार मोसमांत त्या संघाला एकदाही बाद फेरी गाठता आली नाही. आठ चषकांचे मानकरी असलेल्या लेमेर यांनी महाविद्यालयीन संघात दुय्यम पद घेतले, यातच त्यांच्या स्वभावाची ओळख पटावी.

फेब्रुवारी १९८४मध्ये माँट्रियलचे मुख्य प्रशिक्षकपद त्यांच्याकडे आले, तेव्हा संघाची अवस्था बिकट होती. साखळीत कनेडियन्सचे विजयांपेक्षा पराभव अधिक होते. लेमेर यांनी बचाव आवळला आणि त्याच संघाने बाद फेरीत बोस्टन व क्यूबेक यांना हरवून, लागोपाठ चार वर्षे चषक जिंकलेल्या न्यूयॉर्क आयलँडर्सविरुद्धही पहिले दोन सामने जिंकले. पुढचे चार मात्र गमावले. आपण योग्य मार्गावर आहोत, याची खात्री पटण्याइतके हे यश पुरेसे होते.

त्याची किंमत पुढच्याच मोसमात चुकवावी लागली. लाफ्लर आणि शट अजून संघातच होते. एकेकाळी ज्यांच्या मधोमध लेमेर खेळले, त्यांना आता किती वेळ बर्फावर उतरवायचे, हे लेमेर यांनाच ठरवायचे होते. लाफ्लर यांचा खेळण्याचा वेळ घटत गेला. बंदिस्त पद्धत त्यांच्या मोकळ्या खेळाला मानवत नव्हती. नोव्हेंबर १९८४मध्ये शट यांची लॉस एंजेलिसला पाठवणी झाली आणि त्याच महिन्यात, १९ सामन्यांत अवघे दोन गोल झालेले असताना, लाफ्लर यांनी निवृत्ती जाहीर केली. प्रशिक्षक जुना सहकारी आणि सरव्यवस्थापक सर्ज सवार हेही जुने सहकारीच! माँट्रियलच्या चाहत्यांना हा घाव फार काळ विसरता आला नाही. लाफ्लर १९८८मध्ये न्यूयॉर्क रेंजर्सकडून पुन्हा मैदानात उतरले आणि आणखी तीन मोसम खेळले, तेव्हा तर त्यांना निवृत्तीकडे ढकलण्याची घाई झाली होती, हेच दिसून आले.

दुसऱ्या बाजूचे आकडेही नोंदवले पाहिजेत. त्या मोसमात लेमेर यांचा संघ आपल्या गटात पहिला आला. तरीही १९८५च्या उन्हाळ्यात त्यांनी पद सोडले. माँट्रियलमध्ये प्रशिक्षकाला रोज दोन भाषांतील पत्रकारांना उत्तरे द्यावी लागतात. त्या दडपणाला ते विटले होते. पुढची आठ वर्षे त्यांनी त्याच संघाच्या व्यवस्थापनात, पडद्यामागे काढली.

१९९३मध्ये न्यूजर्सी डेव्हिल्सने त्यांना बोलावले आणि ज्या 'सापळ्या'मुळे ते ओळखले जातात, तो येथे पूर्णत्वाला गेला. तो समजण्यासाठी खेळाची रचना थोडी पाहावी लागेल. बर्फाचे मैदान सुमारे २०० फूट लांब आणि ८५ फूट रुंद असते. सभोवती फळ्यांची भिंत. दोन निळ्या रेषा या मैदानाचे तीन भाग करतात आणि मधून लाल रेषा जाते. प्रत्येक संघाचे गोलरक्षक धरून सहा खेळाडू. रबराची चकती प्रतिस्पर्ध्याच्या निळ्या रेषेपलीकडे जाण्याआधी एकही आक्रमक पलीकडे गेलेला चालत नाही. शिवाय त्या काळी आपल्या बचावक्षेत्रातून थेट लाल रेषेपलीकडे पास देण्यास एनएचएलमध्ये मनाई होती. म्हणजे आक्रमण रचायचे, तर चकती मधल्या पट्ट्यातूनच पायरीपायरीने न्यावी लागे.

सापळा लावायचा तो याच पट्ट्यात. बचाव करणाऱ्या संघाचा एकच खेळाडू पुढे जातो. चकती हिसकावण्याच्या फंदात तो पडत नाही. चकतीवाल्याची एक बाजू फक्त बंद करतो. चकतीवाला साहजिकच दुसऱ्या बाजूला, भिंतीच्या कडेने निघतो. तेथे दोघांपैकी एक जण वाट अडवून उभा असतो आणि दुसरा मधला पास तोडतो. भिंत तर हलत नाही. ती बचावाचा आयता जादा गडी बनते. मागे दोन बचावपटू शिल्लक असतातच. चकती सुटली, की आक्रमणासाठी पुढे सरसावलेला प्रतिस्पर्धी उलट्या दिशेला सापडतो आणि त्याच्यावर प्रतिहल्ला होतो. कबड्डीत चढाईपटूला मुद्दाम आत येऊ देऊन कोपऱ्यात घेरतात, तसाच काहीसा हा प्रकार. ही कल्पना लेमेर यांनी शोधलेली नव्हे. तिची रूपे युरोपात आणि कॅनडातही आधीपासून होती. ती साठ मिनिटे, मोसमभर आणि संघातील प्रत्येकाकडून करवून घेणे, हे त्यांचे काम.

परिणाम आकड्यांत दिसतो. त्यांच्या येण्याआधीच्या मोसमात डेव्हिल्सनी ३०८ गोल केले होते आणि २९९ स्वीकारले होते. लेमेर यांच्या पहिल्या मोसमात तेवढ्याच, म्हणजे ८४ सामन्यांत, त्यांनी ३०६ गोल केले आणि स्वीकारले केवळ २२०. लेमेर यांनी आक्रमण मारले, ही टीका निदान या मोसमाला लागू पडत नाही. गोल जवळपास तितकेच राहिले, गळती थांबली. त्या वर्षीचा सर्वोत्तम प्रशिक्षकाचा जॅक ॲडम्स पुरस्कार त्यांना मिळाला. चषकाची वाट मात्र रेंजर्सविरुद्ध सातव्या सामन्यात, जादा वेळेच्या दुसऱ्या सत्रात बंद झाली.

१९९५मध्ये मालक आणि खेळाडू यांच्यातील वादामुळे मोसम ४८ सामन्यांचाच झाला. अंतिम लढतीत डेव्हिल्ससमोर साखळीतील अव्वल संघ डेट्रॉइट उभा ठाकला आणि डेट्रॉइटचे प्रशिक्षक होते स्कॉटी बोमन. फेदोरोव्ह, आयझरमन, कॉफी अशी एकाहून एक वेगवान मंडळी गुरूच्या ताफ्यात होती. शिष्याच्या संघाने ती लढत २-१, ४-२, ५-२, ५-२ अशी सलग चार सामन्यांत जिंकली. गोलरक्षक मार्टिन ब्रोडर आणि कर्णधार स्कॉट स्टीव्हन्स यांच्या भरवशावर सापळा असा काही आवळला गेला, की डेट्रॉइटचा वेग मधल्या पट्ट्यातच विरून गेला. बोमन यांनी नंतरच्या काळात बचावाची आपली वेगळी तटबंदी रचून १९९७ आणि १९९८चे चषक जिंकले.

डेव्हिल्ससारखा तारांकित नसलेला संघ जिंकतो म्हटल्यावर इतरांनी तीच वाट धरली. अनुकरण करणाऱ्यांनी सापळ्यातील प्रतिहल्ला वगळला आणि नुसती अडवणूक उचलली; खेळाडूला काठीने अडकवणे, मिठी मारून थोपवणे यांकडे पंच काणाडोळा करू लागले. १९९२-९३मध्ये एनएचएलमधील एका सामन्यात सरासरी सव्वासात गोल होत. २००३-०४मध्ये ही सरासरी पाचच्या जरा वर उरली. या घसरणीचे सारे खापर लेमेर यांच्या माथी फोडणे अन्यायाचे आहे. गोलरक्षकांचे फुगत गेलेले पॅड, त्यांचे सुधारलेले तंत्र आणि नव्या संघांची गर्दी हीही कारणे होती. तथापि, तिकीट काढून आलेल्या प्रेक्षकाची तक्रार खोटी नव्हती, हेही मान्य करायला हवे.

खुद्द डेव्हिल्सना तो डाव फार काळ पुरला नाही. १९९६मध्ये विजेता संघ बाद फेरीसाठीही पात्र ठरला नाही. १९९८मध्ये पहिल्याच फेरीत ओटावाकडून पराभव झाल्यावर लेमेर यांनी राजीनामा दिला. त्यांचे माजी सहकारी आणि सहायक लॅरी रॉबिन्सन यांनी २००० साली त्याच संघाला पुन्हा चषक मिळवून दिला.

लेमेर यांची खरी कसोटी मिनेसोटात लागली. त्या राज्यातील आधीचा संघ १९९३मध्ये डल्लासला निघून गेला होता. २०००मध्ये 'वाइल्ड' हा नवा संघ उभा राहिला तो मुख्यतः इतरांनी सोडून दिलेल्या खेळाडूंवर. अशांना घेऊन खुला खेळ करणे म्हणजे आत्मघात. लेमेर यांनी त्यांना जागा राखायला शिकवले. कायमचा कर्णधार न नेमता ते ही जबाबदारी आळीपाळीने देत. डल्लासचा संघ प्रथमच मिनेसोटात आला, तेव्हा या नवख्यांनी त्याला ६-० असे धूळ चारली. तिसऱ्याच मोसमात, २००३मध्ये, वाइल्डने कोलोरॅडो आणि व्हँकुव्हर या दोघांविरुद्ध १-३ अशा पिछाडीवरून मालिका जिंकल्या. उपांत्य मालिकेत मात्र ॲनाहाइमविरुद्ध चार सामन्यांत मिळून त्यांना एकच गोल करता आला. सापळ्याचे सामर्थ्य आणि मर्यादा एकाच महिन्यात दिसल्या. लेमेर यांना जॅक ॲडम्स पुरस्कार दुसऱ्यांदा मिळाला.

२००४-०५चा संपूर्ण मोसम पुन्हा वादात वाहून गेल्यावर एनएचएलने नियम बदलले. लाल रेषेपलीकडच्या लांब पासला मुभा मिळाली, अडवणुकीला कडक शिक्षा आली, पॅड लहान झाले आणि गोलरक्षकाने गोलरेषेमागे चकती हाताळण्यावर बंधने आली. हा शेवटचा नियम ब्रोडर यांच्यामुळेच झाला, असे सर्रास म्हटले जाते. नव्या नियमांतही २००७-०८मध्ये लेमेर यांच्या वाइल्डने आपल्या विभागात पहिले स्थान मिळवले. २००९मध्ये त्यांनी मिनेसोटा सोडले आणि एका मोसमासाठी डेव्हिल्सकडे परतले. त्याच मोसमात, २०१०च्या व्हँकुव्हर ऑलिंपिकमध्ये, सुवर्णपदक जिंकणाऱ्या कॅनडाचे ते एक सहायक प्रशिक्षक होते. मग त्यांनी निवृत्ती घेतली.

ती फार टिकली नाही. डिसेंबर २०१०मध्ये डेव्हिल्सची अवस्था ९ विजय आणि २४ पराभव अशी दारुण झाली होती. १९९५च्या विजयी संघातील जॉन मॅक्लीन यांना प्रशिक्षकपदावरून दूर करून पासष्ट वर्षांच्या लेमेर यांना पाचारण करण्यात आले. उरलेल्या ४९ सामन्यांपैकी २९ त्यांनी जिंकून दिले. बाद फेरी तरीही हुकलीच. एप्रिल २०११मध्ये मोसम संपला, तेव्हा मुख्य प्रशिक्षक म्हणून साखळीतील ६१७ विजय त्यांच्या नावावर होते. पुढचा मोसम नव्या माणसाने सांभाळावा, असे सांगून त्यांनी ते पद सोडले.