देवराई

सह्याद्रीतील अनेक गावांच्या सीमेवर देवाच्या नावाने राखलेले रान असते. त्यास देवराई म्हणतात. तेथील झाडावर कुऱ्हाड चालवावयाची नाही, वाळकी काटकीही घरी न्यावयाची नाही, असा कित्येक गावांचा पूर्वापार दंडक आहे. त्यामुळे गळालेली पाने तेथेच कुजतात, माती भुसभुशीत होते व पावसाचे पाणी तीत मुरते. म्हणूनच पुष्कळ देवरायांतील झरे उन्हाळ्यातही गावाची तहान भागवितात.

१९७० नंतर वा. द. वर्तक व माधव गाडगीळ या शास्त्रज्ञांनी देवरायांचा अभ्यास केला. इतरत्र दुर्मिळ झालेल्या वनस्पती तेथे सुरक्षित असल्याचे त्यांना आढळले.

पुढे लाकडाच्या मोहाने काही देवराया तुटल्या. देवाचा धाक ओसरला, तरी पूर्वजांचे शहाणपण विसरून चालणार नाही. राई गेली, की झराही आटू लागतो.