जनावरांची लस थंड कशी राखावी?

सन २०२२ मध्यें महाराष्ट्रांत लम्पी चर्मरोगाची सांथ पसरली, तेव्हां गाईबैलांस शेळ्यांच्या देवीची लस टोंचण्यांत आली. लस हा नाजूक पदार्थ आहे. ती बिघडली तरी बहुधा डोळ्यांस दिसत नाहीं. नोंदवहींत जनावर सुरक्षित असतें, गोठ्यांत मात्र तें रोगास उघडेंच राहतें. म्हणून लशीच्या वाहतुकीविषयीं चार शब्द लिहिणें आम्हांस अगत्याचें वाटतें.

बहुतेक पशुलशी २ ते ८ अंश सेल्सिअस इतक्या थंडाव्यांत राखाव्या लागतात. तालुक्याच्या दवाखान्यांत फ्रीज असतो. खरा धोका तेथून गोठ्यापर्यंतच्या दोनचार कोसांत आहे. वाशीम जिल्ह्यांत उन्हाळ्यांत पारा ४० अंशांवर जातो. अशा वेळीं खिशांत किंवा मोटारसायकलच्या डिकींत ठेविलेली कुपी लवकरच तापते.

परंतु जितकें थंड तितकें बरें, असेंहि नाहीं. देवीच्या लशींत जिवंत पण दुर्बळ केलेले विषाणू सुकवून ठेविलेले असतात. उष्णतेनें ते मरतात. लाळ-खुरकुताच्या लशींत मारलेले विषाणू तेलांत मिसळलेले असतात. ती गोठली म्हणजे मिश्रण फुटतें, आणि वितळल्यानंतर तिचा गुण परत येत नाहीं.

यास्तव आइसपॅक बाहेर काढून थोडा वेळ ठेवावे. हलविल्यावर आंत पाण्याचा आवाज आला म्हणजे मगच शीतपेटींत मांडावे. कुपी त्यांस चिकटूं नये म्हणून मध्यें पुठ्ठा घालावा. पेटी सावलींत ठेवावी व वारंवार उघडूं नये. सुकी लस तिजबरोबर आलेल्या द्रवांतच, तोहि थंड करून, मिसळावी. मिसळलेली लस सामान्यतः दोन तासांत संपवावी, उद्यांकरितां राखूं नये. म्हणूनच गुरें सकाळीं रानांत न सोडतां एके ठिकाणीं बांधून ठेवणें, हें मालकांचें कर्तव्य होय.

बुळकांडीचें जगांतून उच्चाटन झाल्याचें २०११ मध्यें जाहीर झालें. आफ्रिकेच्या दुर्गम भागांत त्या कामीं उष्णता सोसणारी लस फार उपयोगी पडली. वर सांगितलेल्या लशींस तितकी उष्णता सोसत नाहीं. तेव्हां लस टोंचणारे गृहस्थ दारीं आले असतां पेटींतील थंडावा पाहूं द्यावा, अशी विनंती शेतकरी बंधूंनीं निःसंकोच करावी. बैल आपला आहे; पेरणीच्या तोंडावर तो बसला तर नुकसानहि आपलेंच होतें.