गंगाधरपंतांचे पानिपत आणि तरंगफलनाचे कोडे

महाराष्ट्राबाहेर वाढणाऱ्या आपल्या मुलांच्या हाती इंग्रजीच्या पाठ्यपुस्तकातून एखादी मराठी कथा पडावी, हा योग दुर्मिळच. डॉ. जयंत नारळीकरांच्या एका कथेने तो जुळवून आणला. एन.सी.ई.आर.टी.ने अकरावीसाठी काढलेल्या ‘हॉर्नबिल’ ह्या पुस्तकात ती ‘द ॲडव्हेंचर’ ह्या नावाने संक्षिप्त रूपात समाविष्ट झाली. तिचे मराठी नाव ‘गंगाधरपंतांचे पानिपत’. परंतु पाठ्यपुस्तकात ती वाचणाऱ्या पुष्कळ मुलांना ते ठाऊक नसते. आमच्या रामाकोन्याच्या परिसरात घरी मराठी, कचेरीत हिंदी आणि मुलांच्या दप्तरात इंग्रजी अशी तिहेरी वहिवाट आहे. त्यामुळे घरचीच वस्तू परक्या वेष्टनात परत यावी आणि ओळखू येऊ नये, असे ह्या कथेच्या बाबतीत घडते.

वास्तविक नारळीकर हे बृहन्महाराष्ट्राचेच म्हणावयाचे. जन्म कोल्हापूरचा, १९३८ मधला. पण वडील विष्णु वासुदेव नारळीकर हे बनारस हिंदू विश्वविद्यालयात गणिताचे प्राध्यापक असल्यामुळे बालपण आणि पदवीपर्यंतचे शिक्षण काशीस झाले. पुढे केंब्रिज, मग मुंबईची टाटा मूलभूत संशोधन संस्था आणि शेवटी पुण्याची ‘आयुका’. २० मे २०२५ रोजी पुण्यात त्यांचे निधन झाले. मराठी विज्ञान परिषदेच्या कथास्पर्धेत १९७४ साली त्यांनी आपल्या आद्याक्षरांचा क्रम उलटा करून ‘नारायण विनायक जगताप’ ह्या नावाने कथा पाठविली होती, हे मराठी वाचक कौतुकाने सांगत असतात.

कथेचा आशय थोडक्यात असा. इतिहासाचे प्राध्यापक गंगाधरपंत गायतोंडे पुण्याहून मुंबईस येतात, ती मुंबई निराळीच असते. तेथे ईस्ट इंडिया कंपनीचा अंमल अजून टिकून आहे, कारण त्या जगात १७६१ चे पानिपत मराठ्यांनी जिंकलेले आहे. ग्रंथालयात शोध घेता त्यांना बखरीत आढळते की विश्वासरावांवर आलेली गोळी त्यांना न लागता कानाजवळून निघून गेली. आपल्या इतिहासात तीच गोळी वर्मी लागली. विश्वासराव पडले, भाऊसाहेब हत्तीवरून उतरले आणि सैन्याचा धीर खचला. पंत आपल्या जगात परततात तेव्हा त्या निराळ्या बखरीचे एक फाटके पान त्यांच्या खिशात असते.

इथपर्यंत मुले कथा मिटक्या मारीत वाचतात. अखेरीस राजेंद्र देशपांडे हे शास्त्रज्ञ मित्र पंतांना इलेक्ट्रॉनचा दाखला देऊन खुलासा करू लागतात, तेथे मात्र गाडी अडते. “सर, हे खरे आहे का?” हा प्रश्न हमखास येतो. मी भाषेचा मनुष्य. तरीही ‘हे विज्ञानाच्या शिक्षकांना विचारा’ असे सांगून हात झटकणे मला कधी प्रशस्त वाटले नाही. कारण मुलांचा हा प्रश्न गेली शंभर वर्षे थोरथोर पदार्थवैज्ञानिकही एकमेकांना विचारीत आहेत.

१९२६ साली एर्विन श्रोडिंगर ह्यांनी इलेक्ट्रॉनसारख्या कणांची गती सांगणारे एक समीकरण मांडले. त्या समीकरणातून जी राशी निघते तिला ‘साय’ हे ग्रीक अक्षर देतात. मराठीत तिला तरंगफलन म्हणतात. ते एखाद्या तळ्यावरील लाटेप्रमाणे पसरते, वळते आणि दुसऱ्या लाटेशी मिळून कोठे वाढते, कोठे शून्य होते. हे नुसते कागदावरचे गणित नव्हते. १९२७ साली अमेरिकेत डेव्हिसन व गर्मर ह्यांनी निकेलच्या स्फटिकावर इलेक्ट्रॉन आदळवून त्यांचे लाटेसारखे विवर्तन दाखविले, आणि त्याच सुमारास ब्रिटनमध्ये जी. पी. टॉमसन ह्यांनीही तेच दाखविले. गंमत अशी की, इलेक्ट्रॉन हा कण आहे हे सिद्ध करणारे जे. जे. टॉमसन हे त्यांचे वडील. बापाला नोबेल मिळाले १९०६ साली, मुलाला १९३७ साली, आणि दोघांचेही म्हणणे बरोबर होते!

मग ही लाट कशाची? श्रोडिंगर ह्यांना प्रारंभी वाटले की इलेक्ट्रॉनच असा पसरलेला असतो. परंतु पडद्यावर तो आदळतो तेव्हा ठिपका एकच उमटतो. अर्धा इलेक्ट्रॉन कोणी पाहिलेला नाही. त्याच वर्षी माक्स बोर्न ह्यांनी तोड काढली: तरंगफलनाच्या मानाचा वर्ग केला म्हणजे कण त्या जागी सापडण्याची संभाव्यता मिळते. हा नियम आजतागायत कोणत्याही प्रयोगात चुकलेला नाही. (बोर्न पुढे १९३५-३६ मध्ये चंद्रशेखर वेंकट रामन ह्यांच्या निमंत्रणावरून बंगलोरच्या भारतीय विज्ञान संस्थेत काही काळ होते.)

येथे पुष्कळांची समजूत होते की प्रश्न मिटला. संभाव्यता म्हणजे आपले अज्ञान; त्यात गूढ ते काय? मंडळाचा निकाल लिफाफ्यात बंद असतो, तेव्हा विद्यार्थी पास होण्याची शक्यता आपण ‘सत्तर टक्के’ म्हणतो. पण तो पास आहे की नापास, हे आत आधीच छापलेले असते. लिफाफा फोडल्याने आपले ज्ञान बदलते, निकाल बदलत नाही. तरंगफलनही असेच का नसावे?

ही समजूत अगदी साध्या विचारानेही डळमळते. आमच्याकडे संत्र्याचा बगिचा फुलावर असतानाच व्यापारी अंदाज बांधून सौदा करतात. अंदाज चुकतो किंवा साधतो. पण दोन अंदाज एकमेकांवर आदळून फळे नाहीशी झाली, असे काही होत नाही. गावात यावयाच्या दोन वाटा असतील, तर दुसरी वाट खुली झाल्याने पाहुणा येण्याची शक्यता वाढेल, निदान कमी तरी होणार नाही. इलेक्ट्रॉनचे मात्र तसे नाही. दोन फटींपैकी एकच उघडी असता पडद्यावरील ज्या जागी तो येऊ शकतो, नेमक्या त्याच जागी दोन्ही फटी उघडताच तो येईनासा होतो. दोन शक्यता एकमेकींना खोडतात. १९८९ साली जपानमध्ये आकिरा तोनोमुरा आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी एका वेळी एकच इलेक्ट्रॉन सोडून हा प्रयोग केला. प्रथम पडद्यावर ठिपके कसेही विखुरलेले दिसले. हजारो साचल्यावर त्यांतूनच गडद-फिक्या पट्ट्या उमटल्या. प्रत्येक इलेक्ट्रॉन एकटाच आला होता, त्याला खोडावयास दुसरा कोणी नव्हता. केवळ आमच्या डोक्यातील अज्ञान पडद्यावर पट्टे कसे काढील?

तेव्हा तरंगफलन खरेच मानावे, तर दुसरी अडचण दत्त म्हणून उभी. एका कणाचे तरंगफलन आपल्या नित्याच्या त्रिमितीय अवकाशात मांडता येते; दोन कणांचे मांडावयास सहा मिती लागतात, दहा कणांचे मांडावयास तीस. अशी लाट कोणत्या तळ्यात उठते? लोरेंट्झ ह्यांनी १९२६ मध्येच श्रोडिंगर ह्यांना पत्राने ही शंका कळविली होती. शिवाय तरंगफलनाचे मूल्य साधी संख्या नसते; त्यात उणे एकाचे वर्गमूळ मिसळलेले असते, आणि तेही स्वतः श्रोडिंगर ह्यांना रुचत नव्हते. अशा संख्येला आजची पाठ्यपुस्तके ‘संमिश्र’ म्हणतात, परंतु मराठीच्या परिभाषेत तिला ‘सदसत् संख्या’ असाही शब्द आहे. सत् आणि असत् दोन्ही जिच्या ठायी आहेत अशी. तो शब्द योजणाऱ्याच्या मनात केवळ गणित होते. पण तरंगफलनाविषयीच्या साऱ्या वादाला इतके नेमके नाव मला अन्य कोणत्याही भाषेत आढळले नाही.

ह्या अडचणीतून वाटा निरनिराळ्या फुटल्या. नील्स बोर ह्यांच्या कोपनहेगन पक्षाने, मोजमापापूर्वी कण कोठे होता हे विचारूच नये, अशी भूमिका घेतली. आइन्स्टाइन ह्यांना ती शेवटपर्यंत पटली नाही. १९३५ साली पोडोल्स्की व रोझेन ह्यांच्यासह त्यांनी तरंगफलनाचे वर्णन अपुरे असल्याचा युक्तिवाद केला. त्याच वर्षी श्रोडिंगर ह्यांनी आपले ते प्रसिद्ध मांजर पेटीत कोंडले. डेव्हिड बोम ह्यांनी १९५२ साली, कणही खरा आणि त्याला वाट दाखविणारी लाटही खरी, असे मांडले. आणि १९५७ साली ह्यू एव्हरेट ह्या तरुणाने सर्वांवर कडी केली. त्याचे म्हणणे, तरंगफलन पूर्णपणे खरे आहे, ते कधीच कोसळत नाही. त्यातील प्रत्येक शक्यता आपापल्या शाखेत घडतच असते. नारळीकरांच्या पंतांचा प्रवास ह्या कल्पनेच्या अंगणातून झाला आहे.

वादाला प्रयोगाच्या पायरीवर आणण्याचे श्रेय जॉन बेल ह्यांचे. परस्परांपासून दूर गेलेल्या जोडकणांचे ‘निकाल’ लिफाफ्यात आधीच छापलेले असतील आणि एकाचा परिणाम दुसऱ्यावर तत्काळ होत नसेल, तर त्या निकालांतील मेळ एका मर्यादेपलीकडे जाऊ शकणार नाही, हे त्यांनी १९६४ साली दाखविले. जॉन क्लाउझर, आलँ आस्पे आणि आंटोन त्साइलिंगर ह्यांच्या प्रयोगांत ती मर्यादा ओलांडली गेलेली आढळली. त्यांना २०२२ चे नोबेल मिळाले. लिफाफ्याची कल्पना निदान सरळ अर्थाने तरी बाद झाली. त्याआधी २०१२ साली प्यूसी, बॅरेट व रुडॉल्फ ह्या तिघांनी आणखी एक सिद्धांत मांडला: स्वतंत्रपणे सिद्ध केलेल्या दोन प्रणालींची खरी अवस्थाही परस्परांपासून स्वतंत्र असते एवढे गृहीत धरले, तर तरंगफलन हे त्या खऱ्या अवस्थेविषयीचे केवळ अपुरे ज्ञान असू शकत नाही, तसे मानल्यास पुंजयामिकीची भाकिते चुकतील. अर्थात गृहीतच अमान्य करणारेही आहेत. ‘खरी अवस्था’ असे काही मानण्याचीच गरज नाही, तरंगफलन हा पाहणाऱ्याने बांधलेला अंदाज आहे, असे म्हणणारा पक्षही चांगला बळकट आहे. २०२५ मध्ये ‘नेचर’ ह्या नियतकालिकाने अकराशेहून अधिक संशोधकांचा कौल घेतला, तेव्हा सर्वाधिक मते कोपनहेगन पक्षाला मिळाली खरी, पण तीही निम्म्याहून कमी.

आता पुन्हा विश्वासरावांच्या गोळीकडे येऊ, कारण मुलांचा प्रश्न तिच्याविषयी होता. गोळीचे वजन तीस ग्रॅम आणि वेग सेकंदाला तीनशे मीटर धरला, तर तिच्या लाटेची तरंगलांबी दशांशचिन्हानंतर चौतीस शून्ये लिहून पुढे सात लिहावेत, इतके मीटर येते. अणूचे केंद्रकही हिच्यापुढे अवाढव्य ठरेल. तेव्हा गोळी केवळ स्वतःच्या तरंगस्वभावाने कानाकडे वळली, असे म्हणता येणार नाही. फरक पडावयाचाच, तर तो आधी, बार काढणाऱ्याच्या मज्जातंतूंत किंवा दारूच्या पहिल्या ठिणगीत पडून पुढे वाढत गेला पाहिजे. नारळीकरांना हे पक्के ठाऊक होते. म्हणूनच त्यांनी पुंजयामिकीला ‘कॅटास्ट्रॉफी’ सिद्धांताची जोड दिली. अल्प कारणातून एकाएकी महान उलथापालथ कशी होते, ह्याचे ते गणित. माझ्या मते ही जोड कथेतील सर्वांत जबाबदार जागा आहे, आणि घाईने शिकविताना नेमकी तीच वगळली जाते.

खिशातले पान मात्र कथाकाराने घेतलेली सवलत आहे. एव्हरेट ह्यांचे मत जसेच्या तसे मानले तरी, एकदा हवेच्या, प्रकाशाच्या असंख्य कणांशी संबंध येऊन शाखा दूर गेल्या की त्यांचा परस्परांवर परिणाम व्यवहारात उरत नाही. एका शाखेतला कागद दुसरीत आणण्याची सोय त्या समीकरणात नाही. मुलांना मी हे सांगतो तेव्हा त्यांचे चेहरे पडतात, आणि मग कोणीतरी विचारतो, ‘पण मग ती मुंबई आहे की नाही?’ त्याचे उत्तर आज कोणाजवळही नाही.

प्रयोग मात्र थांबलेले नाहीत. व्हिएन्नामध्ये १९९९ साली साठ कार्बन अणूंच्या रेणूंनी लाटेसारखे पट्टे उमटविले. २०१९ साली सुमारे दोन हजार अणूंच्या, हायड्रोजनच्या अणूहून पंचवीस हजार पटींहून जड अशा रेणूंनीही तेच केले. वस्तू पुरेशी जड झाली की तरंगफलन आपोआप कोसळते, असे गिरार्डी, रिमिनी व वेबर ह्या इटालियन त्रयीने १९८६ मध्ये सुचविले होते. ते कोसळणे किती वजनाला व किती वेगाने होत असेल, ह्याविषयीच्या काही शक्यता प्रयोगांनी खोडल्या आहेत. बऱ्याच अद्याप शिल्लक आहेत.