विरारच्या नळाचं पाणी आणि जव्हार-मोखाड्याचं जंगल

आमच्या सोसायटीत पाण्याचा विषय निघाला, तेव्हा एकीने विचारलं, "आपलं पाणी येतं कुठून?" भटकंतीमुळे जव्हार-मोखाड्याचा तो भाग माझ्या ओळखीचा आहे, म्हणून सविस्तर लिहिते.

वसई-विरारला मोठा पुरवठा सूर्या नदीवरच्या धामणी धरणातून होतो. सूर्या जव्हारच्या डोंगराळ पट्ट्यातून येते आणि पुढे वैतरणेला मिळते.

जव्हार सुमारे दीड हजार फुटांवर आहे. १९४८ पर्यंत इथे मुकणे राजांचं संस्थान होतं. जंगल पानझडीचं. साग, ऐन, मोह ही मुख्य झाडं.

पाऊस धो धो पडतो, पण खाली बेसाल्टचा कातळ आणि तीव्र उतार. पाणी मुरत नाही, वाहून जातं. म्हणून उन्हाळ्यात मोखाड्याच्या पाड्यांवर टँकर लागतात.

वस्ती विरळ आहे. २०११ च्या जनगणनेत मोखाडा तालुक्यात सुमारे ८३ हजार माणसं होती, तर एकट्या वसई-विरार शहरात १२ लाखांवर.

वारली, कोकणा, कातकरी, ठाकूर कुटुंबं खाचरात भात आणि उतारावर नागली-वरई घेतात. जोडीला मोहफुलं, डिंक, रानभाज्या. आता मोगराही लावतात, तो दादरच्या फुलबाजारात जातो.

शेती बहुतेक एकाच हंगामाची. त्यामुळे दिवाळीनंतर अनेक कुटुंबं वसई-भिवंडीच्या वीटभट्ट्यांवर आणि बांधकामांवर येतात.

आपलं पाणी तिकडचं आणि घरांच्या विटाही त्यांच्याच हातच्या. जव्हारला गेलात तर नागली-वरई थेट शेतकऱ्याकडून घ्या, भाव पाडून मागू नका.