रिकामा खोका आणि त्यातला राक्षस

रिकाम्या वाटीतला 'भात' आग्रहाने वाढणारं अडीच वर्षांचं पोर, खरी भूक लागली की मुकाट आईकडे जातं. भातुकली आणि स्वयंपाकघर यांत त्याचा गोंधळ होत नाही. ॲलन लेस्लीने १९८७ मध्ये याचं एक स्पष्टीकरण मांडलं: खेळातल्या गोष्टी मेंदू खऱ्या माहितीपासून तोडून, वेगळ्या ठेवतो. खोटाखोटा चहा ओतलेल्या दोन कपांपैकी एक उलटा करून झटकला आणि 'रिकामा कुठला?' विचारलं, तर लहान मुलं उलटा केलेलाच दाखवतात. खरं तर दोन्ही रिकामेच!

मग रात्री कपाटातल्या राक्षसाला मूल का घाबरतं?

पॉल हॅरिस आणि सहकाऱ्यांचा १९९१ चा प्रयोग इथे माझा आवडता आहे. चार आणि सहा वर्षांच्या मुलांना आधी खोका रिकामा असल्याचं दाखवलं. मग 'यात ससा आहे' किंवा 'राक्षस आहे' अशी कल्पना करायला सांगितलं. हे नुसतं खोटंखोटं आहे, असं मुलं म्हणालीही. पण एकटी सोडल्यावर बऱ्याच जणांनी खोक्याला हात लावला, आत डोकावून पाहिलं. राक्षसवाल्या गटातल्या काही चार वर्षांच्या मुलांनी तर संशोधकाला खोलीबाहेर जाऊच दिलं नाही.

म्हणजे कळत नाही असं नाही. कळतं, पण मनात उभं राहिलेलं चित्र 'असेलही कदाचित' असं वाटायला लावतं. हसू नका, आपलंही तेच होतं. पॉल रोझिनच्या प्रयोगात मोठ्या माणसांनी साखरेच्या एका बाटलीवर स्वतःच्या हाताने 'सायनाइड' अशी चिठ्ठी लावली, आणि मग त्यातलं साखरपाणी प्यायला कां कूं केलं.

म्हणूनच 'राक्षस-बिक्षस काही नसतो, झोप!' याचा फारसा उपयोग होत नसावा. ते तर मुलाला माहीतच आहे. मी म्हणेन, सोबत जाऊन कपाट उघडा. नाहीतर चित्रच बदला, राक्षसाला सर्दी होऊ द्या.

आणि बागुलबुवा? अँजेलिन लिलार्ड यांना दिसलं की दीड वर्षाच्या बाळासमोर खोटंखोटं खाताना आया जास्त हसतात, त्याच्याकडे जास्त बघतात. बाळाला ही खूण मिळते. 'जेव, नाहीतर बागुलबुवा येईल' हे मात्र आपण गंभीर चेहऱ्याने सांगतो. तिथे खेळाची खूणच नसते.