गोल राखणारा गडी

परवा आम्ही गावाच्या पारावर बसलो होतो. एक शेतकरी भाऊ जवळ येऊन बसले. म्हणाले, “गुरुजी, माहा पोरगा दिवसभर बॉल लाथाडते. शाळा सोडतो म्हणते. यातच नाव काढीन म्हणते. यात पोट भरते का जी?”

प्रश्न सरळ होता. उत्तर मात्र एका शब्दात देता येईना. भरते म्हणावे तर पुरते खरे नाही. भरत नाही म्हणावे तर तेही खरे नाही. म्हणून आम्ही त्यांना एका खेळाडूची हकीकत सांगितली. तीच येथे लिहितो.

खेळ कसा असतो

फुटबॉल म्हणजे पायाने खेळायचा चेंडूचा खेळ. एका बाजूला ११ गडी, दुसऱ्या बाजूला ११ गडी. मैदानाच्या दोन टोकांना दोन चौकटी असतात. चौकट २४ फूट रुंद आणि ८ फूट उंच. तिच्या मागे जाळी बांधलेली असते. समोरच्याच्या चौकटीत चेंडू घातला की एक गोल झाला. सामना ९० मिनिटांचा. मध्ये थोडी विश्रांती. ज्याचे गोल जास्त, तो जिंकला.

गोल करणाऱ्या गड्याचे नाव होते. लोक त्याला खांद्यावर घेतात. पण प्रत्येक संघात गोल होऊ न देणारे गडीही असतात. त्यांना बचावपटू म्हणतात. समोरून धावत येणाऱ्याला अडवायचे, त्याच्या पायातला चेंडू काढून घ्यायचा, उंच आलेला चेंडू डोक्याने परतवायचा, हे त्यांचे काम.

आपल्या भागात धान पिकते. लोंबी भरली की रानडुकरे येतात. मग रात्रीची जागल करावी लागते. महिनाभर जागून पीक राखले, तर कोणी शाबासकी देत नाही. पण एक रात्र डोळा लागला आणि डुकरांनी बांधी लोळवली, तर सारा गाव विचारतो, “जागली कोण होता?” बचावपटूचे काम अगदी असेच आहे. त्याचे चांगले काम दिसत नाही. चूक मात्र सर्वांना दिसते.

राजू गायकवाड

राजू गायकवाड हा असाच एक बचावपटू. आपल्या महाराष्ट्राचा. त्याचा जन्म १९९० साली मुंबईत झाला.

२०१० साली भारतीय फुटबॉल महासंघाने होतकरू तरुणांचा एक संघ काढला. पोरांना मोठ्या सामन्यांची सवय व्हावी, हा हेतू. या संघाला पुढे इंडियन अ‍ॅरोज असे नाव पडले. राजू त्या संघात खेळला. तेव्हा तो विशीचा होता.

तेथे त्याचा खेळ दिसला. २०११ साली कलकत्त्याच्या ईस्ट बंगाल क्लबाने त्याला घेतले. हा क्लब १९२० सालचा. त्याचे सामने पाहायला हजारो माणसे लोटतात. तो ईस्ट बंगालकडे असताना क्लबाने २०१२ साली फेडरेशन कप जिंकला.

त्याच वर्षी तो भारताकडून नेहरू चषक स्पर्धेत खेळला. दिल्लीला शेवटचा सामना आफ्रिकेतल्या कॅमेरून देशाशी झाला. दोन्हीकडे दोन-दोन गोल झाले. मग प्रत्येकी पाच फटके देऊन निकाल लावला. त्यात भारत ५-४ असा जिंकला.

साल कसे ठरते

आता पोटाची गोष्ट सांगतो. खेळाडूला पगार कोण देतो? क्लब देतो.

आपल्याकडे पाडव्याला सालगड्याचे साल ठरते. इतके पैसे, इतके धान्य, इतके दिवस काम. वर्ष संपले की मालक म्हणतो, “राहतो का?” किंवा काहीच म्हणत नाही. मग गडी दुसरे घर पाहतो.

फुटबॉलच्या खेळाडूचेही असेच असते. फरक इतकाच की त्याचे साल कागदावर लिहितात. त्याला करार म्हणतात. करार एक वर्षाचा असतो, दोन वर्षांचा असतो, कधी अधिक. मुदत संपली आणि क्लबाने नको म्हटले, तर खेळाडूने पिशवी उचलावी आणि दुसरा क्लब शोधावा.

एक क्लब आपला खेळाडू दुसऱ्या क्लबाला काही दिवस उसनाही देतो. मुदत संपली की खेळाडू मूळ क्लबाकडे परत येतो.

२०१४ साली इंडियन सुपर लीग नावाची नवी स्पर्धा निघाली. पहिल्या वर्षी ती ऑक्टोबर ते डिसेंबर अशी चालली. आपल्याकडे तेंदूपत्त्याचा हंगाम असतो ना, तशीच. दिवस थोडे, पैसा बरा. त्यामुळे त्या वर्षांत पुष्कळ खेळाडू थोडे महिने एका क्लबाकडे आणि बाकीचे महिने दुसऱ्या क्लबाकडे खेळत.

राजूचेही तसेच झाले. २०१४ साली तो त्या स्पर्धेत मुंबई सिटीकडून खेळला. पुढच्या वर्षी गोव्याच्या क्लबाकडून खेळला. २०१६ साली कलकत्त्याच्या मोहन बागान क्लबाकडे आला. मोहन बागान आणि ईस्ट बंगाल म्हणजे जन्माचे प्रतिस्पर्धी. पण पोटाला वैर परवडत नाही. मोहन बागानने त्या वर्षी गुवाहाटीला फेडरेशन कप जिंकला. पुढे पुन्हा मुंबई सिटी, मग जमशेदपूर, मग केरळ. २०२० साली तो फिरून ईस्ट बंगालकडे आला.

पाहा बरे, दहा वर्षांत किती गावे झाली! मुंबई, कलकत्ता, गोवा, जमशेदपूर, केरळ. प्रत्येक ठिकाणी नवी भाषा, नवे जेवण, नवे सोबती. प्रत्येक ठिकाणी पहिल्या दिवसापासून पुन्हा आपली लायकी दाखवायची.

हातातली कला

फुटबॉल पायाचा खेळ आहे, असे आम्ही वर लिहिले. पण राजूचे नाव झाले ते हातामुळे. ते कसे?

चेंडू मैदानाच्या बाजूच्या रेषेबाहेर गेला, तर तो हाताने आत फेकतात. त्याचे नियम आहेत. चेंडू दोन्ही हातांनी धरायचा. डोक्याच्या मागून आणून डोक्यावरून फेकायचा. फेकताना दोन्ही पाय जमिनीला टेकलेले पाहिजेत. बहुतेक गडी चेंडू जवळच्या सोबत्याला देतात. राजू मात्र तो थेट समोरच्याच्या चौकटीपुढे नेऊन टाकायचा.

कुऱ्हाडीने ओंडका फोडणारा माणूस आठवा. तो नुसत्या दंडाच्या जोराने घाव घालत नाही. दोन्ही हात डोक्यामागे नेतो, पाठ मागे वाकवतो, मग कंबरेपासून सारे अंग पुढे आणतो. लांब फेकीतही तेच आहे. चार पावले धाव, पाठीची कमान आणि मग साऱ्या अंगाचा झटका.

अशा फेकीने समोरच्यांची धांदल उडते. पण त्यातही एक नियम आहे. फेकलेला चेंडू कुणालाही न लागता चौकटीत गेला, तर गोल धरत नाहीत. मध्ये कोणाचा तरी स्पर्श व्हावा लागतो.

१९ फेब्रुवारी २०२१ ची गोष्ट. करोनाच्या साथीमुळे त्या हंगामाचे सारे सामने गोव्यात ठेवले होते. मैदानात प्रेक्षक नव्हते. ईस्ट बंगाल आणि मोहन बागान यांचा सामना लागला. मोहन बागानने आधी एक गोल केला. मग मध्यंतराच्या आधी राजूने एक लांब फेक टाकली. मोहन बागानचा तिरी नावाचा स्पेन देशाचा बचावपटू चेंडू परतवायला उडाला. चेंडू त्याला लागून त्याच्याच चौकटीत गेला. बरोबरी झाली.

पण सामना संपला तेव्हा मोहन बागान ३-१ ने जिंकले होते. ईस्ट बंगालचा तो एकच गोल. आणि गोलाच्या नोंदीत राजूचे नाव नाही. तो स्वयंगोल म्हणून तिरीच्या नावावर मांडला गेला. राखण करणाऱ्याच्या वाट्याला हे असे येते. तरी दुसऱ्या दिवशी सकाळी सरावाला जावेच लागते.

मालकाचे घर बसले तर

गडी चांगला असला, तरी मालकाचे घर बसू शकते. हेही समजून घ्या.

मुंबईला महिंद्र युनायटेड नावाचा नामांकित संघ होता. २००६ साली तो देशात पहिला आला होता. २०१० साली कंपनीने तो बंद केला. पुण्याचा एफसी पुणे सिटी हा क्लब २०१९ साली बंद झाला. सारे खेळाडू काही वाईट नव्हते. पण संघच उरला नाही.

२०२५ साली तर सुपर लीग चालवण्याचा करार वेळेवर नवा झाला नाही. स्पर्धा नेहमीच्या वेळी सुरू झाली नाही. काही क्लबांनी खेळाडूंचे पगार थांबवले. ज्यांची नावे वर्तमानपत्रात येतात, त्यांचीही ही गत झाली.

शिवाय शरीराचा भरवसा नसतो. बचावपटूचा गुडघा आणि घोटा नेहमी धोक्यात असतो. पस्तिशीच्या आसपास बहुतेकांचा खेळ संपतो. आपल्याकडे पस्तिशीचा माणूस म्हणजे ऐन कामाचा. खेळाडू त्या वयात घरी बसतो. म्हणून दहा-बारा वर्षांची कमाई जन्मभर पुरवावी लागते.

आणि जागा किती? २०२४-२५ च्या हंगामात सुपर लीगमध्ये १३ क्लब होते. एका क्लबात पंचवीस-तीस गडी धरा. त्यातले काही परदेशी. म्हणजे साऱ्या देशात वरच्या जागा तीनशे-चारशेच.

कागद आधी वाचावा

आपल्या चंद्रपूर-गडचिरोलीच्या पोरांत ताकद आहे. ती रानात चालतात, धावतात, ओझी वाहतात. उद्या एखाद्या पोरासाठी कोणी कागद घेऊन दारी आला, तर काय करावे?

पहिले, कागद स्वतः वाचा. करार किती वर्षांचा, ते पाहा. जागतिक फुटबॉल संघटनेच्या नियमाप्रमाणे १८ वर्षांखालच्या खेळाडूचा करार ३ वर्षांहून जास्त मुदतीचा करता येत नाही.

दुसरे, पगार किती आणि कोणत्या तारखेला, ते आकड्यात आणि अक्षरात लिहिलेले असावे. त्याच संघटनेचा असाही नियम आहे की दोन महिन्यांचा पगार थकला, तर खेळाडू लेखी नोटीस देऊ शकतो. १५ दिवसांत पैसे पुरते दिले नाहीत, तर तो करार मोडू शकतो. पण नोटीस लेखी पाहिजे. तोंडी बोलणे हवेत जाते.

तिसरे, दुखापत झाली तर दवाखान्याचा खर्च कोणाचा, ते विचारा.

चौथे, मधला माणूस असेल तर तो किती पैसे घेणार, ते लिहून घ्या. आधीच पैसे मागत असेल, तर सावध व्हा.

पाचवे, कराराची एक प्रत घरात ठेवा.

मग खेळ खेळूच नये काय? तसे नाही. नागपूरचे विजय बारसे हे कॉलेजात खेळ शिकवीत. २००१ पासून त्यांनी झोपडपट्टीतल्या पोरांना फुटबॉलकडे आणले. ती सारी काही मोठी खेळाडू झाली नाहीत. पण पुष्कळ पोरे व्यसनापासून दूर राहिली, चार माणसांत उभी राहायला शिकली. त्यावर २०२२ साली ‘झुंड’ नावाचा सिनेमा निघाला. खेळातून पगार मिळाला नाही, तरी एवढे मिळते. हे थोडे नाही.

सारे ऐकून ते शेतकरी भाऊ काही वेळ गप्प बसले. मग म्हणाले, “म्हंजे पोराले खेळू द्याचं, पण शाळा सोडू नाही द्याची.”

आम्ही म्हणालो, “बरोबर. आणि उद्या कोणी कागद आणला तर?”

भाऊ दोन वर्षांपूर्वी अंगठा देत होते. आता रात्रीच्या वर्गाला येतात. ते हसले आणि म्हणाले, “आधी म्या वाचीन. मंग सही.”

वाचून झाल्यावर बोला

१. बचावपटूचे काम जागलीसारखे का आहे?

२. सालगड्याचे साल आणि खेळाडूचा करार यांत सारखे काय? वेगळे काय?

३. करारावर सही करण्याआधी कोणत्या पाच गोष्टी पाहाव्यात?