परीक्षक पडद्यावर येतो तेव्हा

देवळीकर मित्रहो, आणि हे व्याख्यान नंतर ऑनलाइन वाचणारी मंडळी,

मागच्या व्याख्यानानंतर चहा घेताना एका तरुणानं आम्हाला विचारलं, "सर, टीव्हीवरच्या स्पर्धांचे परीक्षक सिनेमात आले की आपण त्यांना नीट पाहतच नाही. 'दुसऱ्याला फार शिकवतोस, आता तू करून दाखव' असंच मनात येतं. हे बरोबर आहे का?" प्रश्न गमतीचा वाटतो, पण आहे तत्त्वज्ञानाचा. आज तोच घेऊ.

आधी दोन गोष्टी वेगळ्या करू. एक, कला ओळखता येणं. दुसरी, कला करता येणं. गिल्बर्ट राइल या ब्रिटिश तत्त्वज्ञानं १९४९ च्या 'द कन्सेप्ट ऑफ माइंड' या ग्रंथात याचा विचार केला आहे. त्याचं म्हणणं थोडक्यात असं, की एखादं कौशल्य समजायला ते थोडंफार अंगात असावं लागतं, पण पारख करणाऱ्याचं कौशल्य करणाऱ्याइतकंच असावं अशी अट नाही. म्हणजे 'करून दाखव' हे आव्हान तर्काच्या कसोटीवर लंगडं आहे. परीक्षकाचा अभिनय फसला म्हणून त्याची पारख खोटी ठरत नाही. आणि पारख चांगली म्हणून अभिनय चांगला होईल असंही नाही.

मग मनात ते येतं का? आपल्या देवळीला कुस्तीचं वेड आहे, तिथूनच पाहू. पहिलवानाची पाठ मातीला लागली की निकाल. पंचानं हात वर केला नाही तरी सगळ्या फडाला दिसतं. गाण्यात, नाचात, अभिनयात अशी टेकणारी पाठ नसते. तिथे निकाल परीक्षकाच्या शब्दावर उभा असतो. त्यामुळे त्या शब्दामागचा माणूस कोण, हे आपण शोधत राहतो. तो पडद्यावर आला की आपल्याला वाटतं, चला, आता याची पाठ दिसेल.

आणखी एक गोष्ट आपण विसरतो. टीव्हीवरचा परीक्षक हीसुद्धा भूमिकाच असते. कोणी कडक, कोणी हळवा, कोणी खळखळून हसणारा. आठवड्यातून दोन-तीनदा, वर्षानुवर्षं तीच भूमिका आपण घरात जेवताना पाहतो. ती इतकी अंगवळणी पडते की तोच खरा माणूस वाटायला लागतो. नटाला सिनेमात नवी भूमिका उभी करताना या जुन्या भूमिकेला आधी बाजूला सारावं लागतं.

हे कसं होतं याचे दोन हिंदी नमुने बघा. हिमेश रेशमिया संगीतकार होतेच. २००५ च्या 'सा रे ग म प चॅलेंज'मुळे त्यांचा चेहरा घरोघरी गेला. २००७ मध्ये 'आप का सुरूर' आला. त्यात ते एचआर नावाचा गायक झाले, म्हणजे जवळजवळ स्वतःच. लोकांनी गर्दी केली. पण लोक ओळखीच्या माणसाला भेटायला आले होते, भूमिका पाहायला नव्हे. फराह खान 'इंडियन आयडॉल'च्या परीक्षक म्हणून तिखट बोलण्यासाठी प्रसिद्ध. २०१२ च्या 'शीरीं फरहाद की तो निकल पडी'मध्ये त्या चाळिशीतल्या अविवाहित पारशी बाईचं प्रेम करायला गेल्या. ही वाट जास्त अवघड होती, कारण तिथे परीक्षकाचा रुबाब उपयोगाचा नव्हता.

मराठीत चित्र थोडं निराळं आहे. आपल्याकडे बहुतेक जण आधी नट आणि मग परीक्षक. सई ताम्हणकर आणि प्रसाद ओक 'महाराष्ट्राची हास्यजत्रा'त खुर्चीवर बसून दाद देतात. २०२१ च्या 'मिमी'त सई नायिकेच्या मैत्रिणीच्या भूमिकेत दिसतात, २०२२ च्या 'धर्मवीर'मध्ये प्रसाद आनंद दिघे होतात. हास्यजत्रेतलं ते हसू 'धर्मवीर'मध्ये कुठेही डोकावत नाही. जुनी भूमिका बाजूला सारली म्हणतात ती अशी.

पण आम्हाला जास्त वेळ थांबायचं आहे ते 'कट्यार काळजात घुसली'पाशी. मूळ नाटक १९६७ चं, लिहिणारे आपल्या नागपूरचे पुरुषोत्तम दारव्हेकर. खाँसाहेबांची भूमिका गाजवणारे डॉ. वसंतराव देशपांडे मूर्तिजापूरचे. २०१५ च्या दिवाळीत सुबोध भावे यांनी त्याचा सिनेमा आणला आणि खाँसाहेब केले सचिन पिळगावकरांनी.

आता सचिन म्हणजे कोण? लहानपणापासून पडद्यावर असलेला नट, 'अशी ही बनवाबनवी'चा दिग्दर्शक. 'नच बलिये'च्या पहिल्या पर्वात सुप्रियाताईंसोबत स्पर्धक म्हणून नाचून जिंकलेला माणूस. आणि त्यानंतर झी मराठीवरच्या 'एका पेक्षा एक'चा 'महागुरू'. ही पदवी कौतुकानं लागली, पुढे तिची थट्टाही खूप झाली. सिनेमा आला तेव्हा बरेच प्रेक्षक 'महागुरू आता उस्ताद झाले' अशा थट्टेच्या मनानंच गेले असतील.

भूमिका काय आहे पाहा. खाँसाहेब मोठे गायक, पण राजगायकपदाच्या स्पर्धेत वर्षानुवर्षं पंडित भानुशंकरांकडून हरतात. प्रत्येक हरण्यानं आत काहीतरी कुजत जातं. शेवटी पद मिळतं ते कपटानं, तेही बायकोनं परस्पर केलेल्या. जिंकलेला माणूस मनातून हरलेलाच राहतो. म्हणजे टीव्हीवर ज्यानं इतरांचे निकाल सांगितले, तो इथे निकालाखाली भरडला जाणारा माणूस करतो आहे. 'महागुरू'चा ताठा त्यांनी टाकला नाही, तो खाँसाहेबांना दिला. तो ताठा आतून कसा पोखरलेला आहे, हे मग नजरेतून, चालण्यातून, थांबण्यातून दाखवलं. गळासुद्धा त्यांचा नव्हता. खाँसाहेबांचं गाणं वसंतरावांचे नातू राहुल देशपांडे यांचं. दुसऱ्याच्या गळ्याला आपला श्वास जुळवणं हेही खाली वाकण्याचंच काम.

गंमत अशी, की समोरचे पंडितजी म्हणजे शंकर महादेवन. तेही हिंदी 'सा रे ग म प'चे परीक्षक. आणि सदाशिवच्या गळ्याला ज्यांनी आवाज दिला त्या महेश काळे यांना या सिनेमासाठी राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, मग तेही 'सूर नवा ध्यास नवा'च्या खुर्चीवर बसले. स्पर्धेनं माणसाचं काय होतं हे सांगणाऱ्या कथेत तीन परीक्षक!

यावरून आमचं म्हणणं असं. परीक्षकाची भूमिका पाहताना 'हा आपल्याच कसोटीला उतरला का' हा प्रश्न बाजूला ठेवावा. त्याऐवजी विचारावं, 'यानं खुर्ची सोडली का? तिचं ओझं पात्राच्या कामी आणलं का?'

आता हे आम्ही इतक्या तळमळीनं का सांगतो? आम्हीही पुष्कळ वर्षं एकांकिका स्पर्धांना परीक्षक म्हणून बसलो. एकदा एका मुलीच्या कामावर आम्ही शेरा दिला, 'चेहरा बोलत नाही.' निकालाच्या वेळी तो माइकवरून वाचला. सभागृह हसलं, आम्हाला बरंही वाटलं. पुढच्या वर्षी ती मुलगी दिसली नाही. कारण काय, हे आम्ही विचारलं नाही. विचारायला हवं होतं. निवृत्तीनंतर एका हौशी नाटकात आम्हाला आजोबांची सहा वाक्यांची भूमिका मिळाली. तिसऱ्या वाक्याला हात कुठे ठेवावेत तेच कळेना. तेव्हा ती मुलगी आठवली. शेरा कदाचित खरा होता, पण बोलायची पद्धत चुकली होती.

भरतमुनींनी नाट्यशास्त्रात परीक्षकांना 'प्राश्निक' म्हटलं आहे आणि दहा प्रकारचे सांगितले आहेत. यज्ञ जाणणारा, नर्तक, छंद जाणणारा, व्याकरण जाणणारा, राजा, धनुर्धर, चित्रकार, गणिका, गायक, राजसेवक. ज्याचा जो विषय, त्यानं तेवढंच पारखायचं. धनुष्य कसं धरलं हे धनुर्धर सांगेल, राजाचा डौल राजा सांगेल. एकच माणूस सगळ्यावर बोलत नाही. आणि प्रत्येक जण ते काम स्वतः केलेला आहे.

आपल्या गावात गणपतीत, नवरात्रात मुलांच्या नाच-गाण्याच्या स्पर्धा होतात. टीव्ही पाहून आपणही लेकरांना टीव्हीसारखे शेरे मारतो. तेव्हा दोन गोष्टी पाळू या. जे आपल्याला कळतं तेवढ्याचंच बोलायचं. आणि वर्षातून एकदा तरी परीक्षकांनी स्वतः मंचावर जाऊन काहीतरी करायचं, फजिती झाली तरी चालेल. लेकरांना हसू द्या. त्यानंतर आपण जे सांगू, ते ती जास्त लक्ष देऊन ऐकतील.

प्रश्न असतील तर आता विचारा.